फ्रेडरिक डग्लसचं आत्मचरित्र (स्वस्त आवृत्ती): काही महिन्यांनंतर

पावसाळ्याच्या तोंडावर मागवलं होतं, आता थंडी पडलीय. पुस्तकाला पाच तारे, आवृत्तीला दोन.

डग्लस मेरीलँडमध्ये गुलाम म्हणून जन्मला, 1838 मध्ये पळाला आणि 1845 मध्ये हे छापलं. पुस्तक छोटं, इंग्रजी सरळ, लोकलमध्ये उभ्याउभ्याही वाचता येतं. गुलामगिरीविरोधी संपादक गॅरिसनची प्रस्तावना मात्र लांबलचक आहे, ती शेवटी वाचा. पळून जाण्याचा थरार हवा असेल तर तो इथे नाही. मागे राहिलेल्यांची वाट बंद होऊ नये म्हणून त्याने मार्ग सांगितलेलाच नाही.

मी पुन्हापुन्हा उघडतो ते शेवटाकडचं एक पान. बाल्टिमोरला तो जहाजाच्या फळ्यांमधल्या फटी बुजवण्याचं काम करतो आणि आठवड्याची कमाई शनिवारी मालकाच्या हातावर ठेवतो. सहा डॉलर आणले की मालक कधीमधी सहा सेंट परत देतो, उत्तेजन म्हणून! डग्लसच्या मनात उलटंच येतं: हा थोडे देतोय, म्हणजे सगळेच माझे आहेत हे त्याला कळतंय.

'आता याचा काय संबंध' असं विचारणाऱ्यांनी हे पान वाचून अमेरिकेतल्या तुरुंगांकडे बघावं. 1865 च्या तेराव्या घटनादुरुस्तीने गुलामगिरी संपवली, पण गुन्ह्याची शिक्षा म्हणून ती चालेल अशी पळवाट ठेवली. मग दक्षिणेत बेकार फिरणंसुद्धा गुन्हा ठरलं. काळ्या माणसांना पकडून मळ्यांना आणि खाणींना भाड्याने दिलं गेलं. लुइझियानातला अंगोला तुरुंग तर जुन्या मळ्याच्याच जमिनीवर उभा आहे. तिथे आजही कैदी शेतात राबतात, बहुतेक काळे, तासाला मोजके सेंट घेऊन. 2022 मध्ये अलाबामा आणि टेनेसीच्या मतदारांनी आपापल्या राज्यघटनेतून ही पळवाट काढली. 2024 मध्ये नकार दिला तो कॅलिफोर्नियाने, इतरांना पुरोगामीपणा शिकवणाऱ्या!

आपल्याकडे जोतीराव फुल्यांनी 1873 ची 'गुलामगिरी' याच लढ्यातल्या अमेरिकनांना अर्पण केली. दोन्ही पुस्तकं पाठोपाठ वाचा.

आता तक्रार. अक्षर बारीक, एकही टीप नाही, आणि दुसऱ्या महिन्यातच पानं सुटायला लागली. नुसतं वाचायचं असेल तर ई-बुक फुकट मिळतं. छापील घ्यायचं तर टीपा असलेली आवृत्ती बघा, त्यात डग्लसचं 5 जुलै 1852 चं रॉचेस्टरचं भाषण (अमेरिकेचा स्वातंत्र्यदिन गुलामासाठी काय, असं विचारणारं) असेल तर उत्तम. शे-दोनशे जास्त गेले तरी चालतील.