मार्क आधी, पण ‘क्यू’ हवा की नको? पहिल्या तीन शुभवर्तमानांच्या उगमाविषयीची मतं पडताळताना

मत्तय आणि लूक या दोन्ही शुभवर्तमानांचा (बायबलमधल्या येशूच्या चरित्रांचा) तिसरा अध्याय शेजारी शेजारी उघडा आणि बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाचं भाषण वाचा. सापाच्या पिल्लांना दिलेल्या इशाऱ्यापासून झाडांच्या मुळाशी ठेवलेल्या कुऱ्हाडीपर्यंत मूळ ग्रीकमध्ये दोन्हीकडे जवळजवळ शब्दन् शब्द तोच आहे. योहान बोलला असणार अरामीत. दोघांनी आपापल्या आठवणीतून, आपापलं भाषांतर करून लिहिलं आणि तरी इतकं जुळलं, हे पटत नाही. कुणीतरी कुणाचं तरी लेखन समोर ठेवून लिहिलं आहे. आणि हे भाषण मार्कमध्ये नाहीच.

योहानाचं शुभवर्तमान (हा योहान वेगळा) स्वतंत्र वाटेनं जातं. मत्तय, मार्क आणि लूक मात्र इतके सारखे आहेत की अभ्यासक त्यांना एकत्रितपणे ‘सिनॉप्टिक’ म्हणतात. यातलं कुणी कुणाकडून घेतलं, हा वाद अडीचशे वर्षं चालू आहे. नव्यानं वाचणाऱ्यापुढे चार मतं येतात आणि चारही बाजूंना विद्वान माणसं दिसतात. निवड करताना मला एकच कसोटी उपयोगी वाटते: त्या मतानुसार लेखकानं लिहायला बसल्यावर नेमकं काय केलं असेल ते डोळ्यांपुढे आणायचं, आणि लिहिणारा माणूस असं करील का, हे विचारायचं.

मत्तयाला पहिला मान देणारी दोन मतं

परंपरेचं मत ऑगस्टीनचं. इ.स. ४०० च्या सुमारास त्यानं लिहिलं की मत्तय पहिला आणि मार्क त्याच्या मागून जाणारा, त्याचा संक्षेप करणारा. याला जुना आधार आहे तो दुसऱ्या शतकातला बिशप पपायस याचा. त्याचे शब्द चौथ्या शतकातल्या युसेबियसनं जपून ठेवले: मत्तयानं वचनं ‘हिब्रू’ भाषेत एकत्र केली, आणि मार्क हा पेत्राचा दुभाष्या होता. अडचण अशी की आपल्या हातातला मत्तय भाषांतरित वाटत नाही, तो मूळ ग्रीकमध्ये लिहिलेला आहे. कॅथलिक चर्चच्या बायबल आयोगानं १९११ साली मत्तयाच्या अग्रक्रमाच्या बाजूनं निर्णय दिला होता. १९४३ नंतर कॅथलिक अभ्यासकांना मोकळीक मिळाली आणि त्यांतले बहुतेक दुसरीकडे वळले.

दुसरं मत ग्रीसबाख यांचं, अठराव्या शतकाच्या अखेरचं. १९६४ मध्ये विल्यम फार्मर यांनी ते पुन्हा पुढे आणलं. त्यांच्या मते आधी मत्तय, मग लूक, आणि दोघांचा मेळ घालणारा मार्क शेवटी. याच्या बाजूनं एक छान उदाहरण आहे. मत्तय ८:१६ म्हणतो, संध्याकाळ झाली. लूक ४:४० म्हणतो, सूर्य मावळत होता. मार्क १:३२ मध्ये दोन्ही आहे: संध्याकाळ झाल्यावर, सूर्य मावळल्यावर. दोन वाक्यं जोडल्यासारखंच वाटतं.

पण आता कसोटी लावा. या मार्कानं येशूचा जन्म गाळला, डोंगरावरचं प्रवचन गाळलं, प्रभूची प्रार्थनासुद्धा गाळली. आणि स्वतःची भर घातली ती कशाची? तागाचं वस्त्र टाकून उघडा पळालेला तरुण, आणि येशूनं दोनदा हात ठेवल्यावर पूर्ण बरा झालेला आंधळा. संक्षेप म्हणावा तर भूतग्रस्ताची गोष्ट मत्तयात ७ ओव्यांची आहे आणि मार्कात २० ओव्यांची. असा संक्षेपकार मला तरी कल्पनेत उभा करता येत नाही. ही दोन्ही मतं मी बाजूला ठेवीन.

मार्क पहिला

इथे जमीन बरीच घट्ट आहे. मार्कमध्ये सुमारे ६६१ ओव्या आहेत आणि त्यांतल्या दहात नऊंचा आशय मत्तयात सापडतो. बदलांची दिशाही बोलकी आहे. मार्क ६:५ सांगतो की नासरेथात येशूला काही अद्भुत कृत्य करता आलं नाही. मत्तय म्हणतो, त्यानं तिथे फारशी केली नाहीत. मार्क यशया संदेष्ट्याचं म्हणून एक वचन देतो, त्याचा पहिला भाग खरं तर मलाखीचा आहे. मत्तय आणि लूक तिथे फक्त यशयाचा भाग ठेवतात. अडचणीचं वाक्य पुढचा माणूस सावरून घेतो, हे समजण्यासारखं आहे. नीट वाक्य कुणी मुद्दाम अडचणीचं करील, हे समजत नाही.

सगळ्यात पटणारा पुरावा हेरोदाच्या गोष्टीत आहे. मार्क त्याला ‘राजा’ म्हणतो. मत्तय सुरुवातीला ते सुधारून नेमकी पदवी देतो, ‘मांडलिक’. पण आठच ओव्यांत त्याचं लक्ष सुटतं आणि १४:९ मध्ये पुन्हा ‘राजा’ येतो. तोच राजा योहानाला मारावं लागलं म्हणून दुःखी होतो. मार्कमध्ये हे दुःख शोभतं, कारण तिथे योहानाच्या जिवावर उठलेली हेरोदिया आहे आणि हेरोद त्याला सांभाळतो आहे. मत्तयात मात्र हेरोद स्वतःच त्याला मारायला टपलेला होता, मग दुःख कसलं? समोरच्या प्रतीतून उतरवताना लेखक थकला की असं होतं. आजचे अभ्यासक मार्क गुडेकर यांनी अशा जागा नेमक्या दाखवून दिल्या आहेत.

खरी निवड इथे आहे

मार्क पहिला मानला तरी सुरुवातीचं कोडं उरतंच. मत्तय आणि लूक या दोघांत असलेला, पण मार्कमध्ये नसलेला सुमारे २३० ओव्यांचा मजकूर आला कुठून?

पहिलं उत्तर ‘क्यू’चं: येशूच्या वचनांचा एक हरवलेला ग्रीक संग्रह दोघांनी स्वतंत्रपणे वापरला. वाइसे यांनी १८३८ मध्ये ही मांडणी केली, होल्त्समान यांनी १८६३ मध्ये ती भक्कम केली, स्ट्रीटर यांनी १९२४ मध्ये इंग्रजी जगात ती रुजवली. आजही बहुसंख्य अभ्यासक इथेच आहेत. वधस्तंभाची कथा नसलेलं, नुसत्या वचनांचं पुस्तक असू शकतं का, हा जुना आक्षेप १९४५ मध्ये इजिप्तमध्ये नाग हम्मादीला थोमाचं शुभवर्तमान सापडल्यावर बोथट झाला. त्यात ११४ वचनं आहेत आणि कथा जवळजवळ नाही. शिवाय प्रभूची प्रार्थना लूकमध्ये आखूड आणि साधी आहे, मत्तयात लांब आहे. लूकनं मत्तयावरून घेतली असती तर प्रार्थनेतल्या ओळी का कापल्या असत्या?

दुसरं उत्तर ऑस्टिन फॅरर यांचं, १९५५ चं: क्यूची गरजच नाही, लूकनं मार्कबरोबर मत्तयही वाचला होता. पुढे मायकेल गोल्डर आणि गुडेकर यांनी हे मत लढवलं. क्यूचं एकही पान सापडलेलं नाही आणि कुठल्याही प्राचीन लेखकानं त्याचा निःसंदिग्ध उल्लेख केलेला नाही. एवढ्यानं तो नव्हता असं सिद्ध होत नाही, पौलाचीही पत्रं हरवलेली आहेत. जास्त बोचतो तो छळाचा प्रसंग. मार्कमध्ये काही जण येशूला म्हणतात, ‘संदेश सांग.’ मत्तय आणि लूक दोघेही पुढे तोच प्रश्न जोडतात: तुला कोणी मारलं? दोघे एकमेकांना अनोळखी होते, तर हा प्रश्न दोघांकडे कसा आला? मत्तयात हे शब्द मागाहून घुसले असं स्ट्रीटर यांना मानावं लागलं, आणि त्याला हस्तलिखितांचा आधार नाही. मला हे उत्तर पळवाट वाटतं.

लूकचा मोहरांचा दाखलाही असाच आहे. तिथे दास दहा आहेत, हिशेब मात्र तिघांचाच होतो आणि तिसऱ्याला ‘तो दुसरा’ म्हटलं आहे. मत्तयात दास मुळातच तीन, म्हणजे इथे मत्तयावरून उतरवताना लूकचं लक्ष सुटलेलं दिसतं.

फॅरर यांच्या मताची दुखरी जागाही लपवू नये. मत्तयाचं डोंगरावरचं प्रवचन तीन अध्याय अखंड वाहतं. लूकनं ते हाती असताना त्यातला थोडा भाग सहाव्या अध्यायात ठेवला आणि उरलेलं पुढच्या अध्यायांत विखुरलं, असं मानावं लागतं. क्यूवाल्यांना हा विध्वंस वाटतो. मला तो लूकच्या स्वभावात बसणारा वाटतो, कारण मार्क ४ मधलं दाखल्यांचं लांब प्रवचनही त्यानं आखूड केलं आहे. लांब भाषणांपेक्षा प्रवासात, जेवणाच्या पंक्तीत निघालेलं बोलणं त्याला आवडतं. प्रार्थनेच्या बाबतीत मात्र क्यूचं पारडं जड आहे, हे मान्य.

माझा कल फॅरर यांच्याकडे आहे. पण तुम्ही धर्मशास्त्राच्या अभ्यासक्रमात असाल तर आधी क्यू पक्का करा. भाष्यग्रंथ त्याच भाषेत बोलतात, आणि २००० साली निघालेली क्यूची चिकित्सक आवृत्ती नीट वाचल्याशिवाय त्याला नाकारण्याचा हक्क मिळत नाही. हौसेनं वाचत असाल तर मार्क पहिला एवढं धरून पुढे जा आणि क्यूचा निकाल खुला ठेवा. ग्रीक येत नसेल तर दुसऱ्याच्या शब्दमोजणीवर निकाल देऊ नका. प्रसंगांचा क्रम, गाळलेल्या जागा, हेरोदासारख्या चुका या गोष्टी मराठी पवित्र शास्त्रातही दिसतात. मार्क ६ आणि मत्तय १४ पासून सुरुवात करा, मग मत्तय २५ आणि लूक १९ घ्या.