शिकागो विद्यापीठाचे ऑनलाइन शब्दकोश: ‘कियान’ या नावाच्या निमित्ताने

बाळाच्या नावाचा अर्थ खात्रीचा हवा असेल, तर नावांच्या याद्या बाजूला ठेवा आणि शिकागो विद्यापीठाचं ‘डिजिटल डिक्शनरीज ऑफ साउथ एशिया’ हे संकेतस्थळ उघडा. माझ्या भाच्यासाठी ‘कियान’ हे नाव घरात पुढे आलं तेव्हा मी ते मनापासून वापरलं. आता ओळखीतल्या प्रत्येक होणाऱ्या आत्याला हेच सांगते.

पत्रिकेप्रमाणे अक्षर ‘की’ निघालं होतं, मृग नक्षत्राचा चौथा चरण. कीर्ती आणि कीर्तन यांच्यापुढे गाडी सरकेना, तेवढ्यात वहिनीने ‘कियान’ सुचवलं. दादाला आवडलं, मलाही कानाला गोड वाटलं. आईने मात्र लगेच विचारलं, “अर्थ काय पण त्याचा?” नावं सुचवणाऱ्या एका ॲपवर उत्तर तयार होतं: ‘देवाची कृपा’, भाषा संस्कृत. दुसऱ्या यादीत ‘प्राचीन’, तिसरीत ‘राजा’, आणि भाषा सगळीकडे संस्कृतच. पाळण्याजवळ बाळाच्या कानात नाव सांगायचा मान माझा. जमलेल्या बायकांनी अर्थ विचारला, तर उत्तरही मलाच द्यायचं होतं. तिथे ऐकीव माहिती सांगणं मला पटणारं नव्हतं.

या संकेतस्थळावर दक्षिण आशियातल्या भाषांचे जुने, नावाजलेले कोश एकत्र ठेवले आहेत. मराठीसाठी मोल्सवर्थचा १८५७चा कोश आहे, दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश आहे, तुळपुळे-फेल्डहाउस यांचा प्राचीन मराठीचा कोश आहे. संस्कृतसाठी वामन शिवराम आपट्यांचा कोश, फारसीसाठी स्टाइनगास, उर्दूसाठी प्लॅट्स. पैसे नाहीत, नोंदणी नाही, मध्येच उगवणाऱ्या जाहिराती नाहीत. प्रत्येक नोंदीपाशी छापील पुस्तकातलं पान दिलेलं असतं. मला सगळ्यात आवडलं ते हेच, कारण अर्थ कुठून आला ते दुसऱ्यालाही दाखवता येतं.

सुरुवात आपट्यांपासून केली. तिथे ‘कियत्’ सापडतं, म्हणजे किती, केवढा. त्याचं पुल्लिंगी प्रथमा एकवचन ‘कियान्’. पंचतंत्रात डोक्यावर चक्र फिरत असलेल्या माणसाच्या गोष्टीत ‘कियान् कालः’ असं येतं, म्हणजे ‘किती काळ?’ थोडक्यात, संस्कृत जाणणाऱ्याला या नावातून ‘केवढा?’ असा प्रश्न ऐकू येईल. कृपेचा त्यात मागमूस नाही. ‘देवाची कृपा’ हा खरं तर ‘जॉन’ या नावाचा, म्हणजे मूळच्या हिब्रू योहानानचा अर्थ. जॉनचं स्कॉटिश रूप ‘इयान’. उच्चाराच्या जवळिकीमुळे तो अर्थ ‘कियान’ला येऊन चिकटला असावा, असा माझा अंदाज आहे.

मग स्टाइनगासचा १८९२चा फारसी कोश उघडला आणि तिथे नाव खरं भेटलं. फारसीत ‘कै’ म्हणजे थोर राजा, आणि ‘कयान’ हे त्याचं अनेकवचन. फारसी लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत, त्यामुळे कयान आणि कियान एकसारखेच लिहिले जातात. आजच्या इराणी उच्चारात ते ‘कियान’च आहे, आणि तिथे मुलाचं नाव म्हणून ते चांगलं रुळलेलंही आहे. फिर्दौसीच्या शाहनामा या फारसी महाकाव्यात कैकोबाद, कैकाऊस, कैखुश्रू हे राजे येतात. त्यांचं घराणं ते कयानी. मुंबईच्या पारशी घरांत कैखुश्रू आणि कैकोबाद ही नावं पिढ्यान्‌पिढ्या आहेत. पुण्यात ईस्ट स्ट्रीटवरच्या कयानी बेकरीत श्रूजबेरी बिस्किटांसाठी रांग लावणारे आपण सगळे हा शब्द पाटीवर वाचतच आलो आहोत.

याच्याही मागे जायचं तर हा कोश पुरत नाही, कारण अवेस्ता या पारशी धर्मग्रंथाची भाषा इथे नाही. ते मी आधी वाचलेलं होतं म्हणून जोडता आलं. अवेस्तात याच ‘कै’चं रूप ‘कवि’ असं आहे. पारशी धर्माचा संस्थापक जरथुष्ट्र, त्याला आश्रय देणारा राजा विश्तास्प, त्याची पदवी ‘कवि’. आपल्या वेदांतला ‘कवि’ हा त्याचा सख्खा भाऊ, अर्थ द्रष्टा, ज्ञानी. ‘गणानां त्वा गणपतिं हवामहे’ म्हणताना पुढे ‘कविं कवीनाम्’ येतं ना, तोच हा शब्द. परत आपट्यांकडे जाऊन ‘कवि’ची नोंद आईला वाचून दाखवली. तिच्या रोजच्या पूजेतला शब्द नातवाच्या नावाच्या मुळाशी निघाला, यावर ती फार खूश झाली. नाव नक्की झालं ते त्या क्षणी.

उणिवाही सांगायला हव्यात. बहुतेक कोशांतले अर्थ इंग्रजीत आहेत, तेही दीडशे वर्षांपूर्वीच्या इंग्रजीत. मराठीतून मराठी अर्थ हवा तर दाते-कर्व्यांकडेच वळावं लागतं. फोनवर अक्षर बारीक दिसतं. रोमन लिपीत शोधताना मूळ स्वर माहीत असावे लागतात: ‘कियान’ टाकून बसलात तर हाती काही लागणार नाही, ‘कयान’ शोधावं लागतं. आणि हे विशेषनामांचे कोश नव्हेत. ‘प्राचीन’ हा अर्थ आयर्लंडमधल्या ‘कीअन’ या वेगळ्याच नावाचा आहे. आयरिश पुराणकथांत लूग या देवाचा बाप कीअन. तो धागा इथे मिळणं शक्य नाही, कारण हा संग्रहच दक्षिण आशियाचा.

तरीही माझ्याकडून पाचपैकी साडेचार. नाव संस्कृत आहे असं कोणी सांगितलं, तर आधी आपटे उघडा. तिथे शब्द नसेल किंवा अर्थ जुळत नसेल, तर स्टाइनगास आणि प्लॅट्स पाहा, कारण आपल्याकडची बरीच ‘नवी’ नावं फारसीतून आलेली आहेत. शब्द थेट सापडला नाही, तर फक्त मथळ्यांत न शोधता पूर्ण मजकुरात शोधायचा पर्याय निवडा. आणि हे सगळं बारशाच्या आधी करा. पत्रिकेत नाव छापून झाल्यावर अर्थ शोधण्यात काही हशील नाही.