मोडीच्या सोन्याचा चोख व्यवहार: आमच्या पेठेतील एक सराफी पेढी

अडलेला माणूस घरातले सोने मोडायला येतो तेव्हा घासाघीस करण्याचे बळ त्याच्या अंगी नसते आणि सराफाला हे पुरते ठाऊक असते. दागिन्यात भरलेल्या लाखेचे वजन थोडे जास्त धरले, कस म्हणजे सोन्याची शुद्धता एखाद्या कॅरेटने उतरवून सांगितली, तरी विचारणारे कोणी नसते. अशा वेळी नियत ढळू न देणारी एक छोटी पेढी आमच्या पेठेत आहे.

भावाच्या उपचारांसाठी आम्हाला आईचे गोठ, म्हणजे हातातली जाड कडी, मोडावे लागले. ते जुन्या घडणीचे, लाख भरलेले. हॉलमार्कचा प्रश्नच नव्हता. आधी एका दुकानात लाखेचे वजन नुसत्या नजरेने ठरवून वजा केले गेले होते. येथे मालकांनी आमच्यासमोर गोठ तापवून लाख काढली, उरलेले सोने काट्यावर ठेवले आणि आकडा आईला वाचायला सांगितला. कस तपासणारे यंत्र वरवरचाच थर पाहते, त्यामुळे डाग लावलेल्या, म्हणजे सांधा जोडलेल्या, जागी कस कमी दिसू शकतो, हे त्यांनी आपणहून समजावले आणि आटणी करून, म्हणजे सोने वितळवून, पुन्हा तपासणी केली. दुसऱ्या वेळी कस थोडा चढा निघाला. हिशेब त्याच आकड्यावर, फलकावरील त्या दिवसाच्या भावाने झाला.

ते पितृपक्षाचे दिवस होते. समोरच्या दोन मोठ्या दालनांमुळे या पेढीचे गिऱ्हाईक आधीच ओसरले आहे, त्यात हा पंधरवडा म्हणजे सराफांसाठी जवळजवळ कोरडाच. तरीही आमच्यादेखत, पावती नाही, ओळखपत्र नाही, पण मिळेल त्या भावाने साखळी द्यायला तयार असलेल्या एका तरुणाला मालकांनी शांतपणे परत पाठवले. त्या व्यवहारात सुटणारा नफा त्यांना त्या आठवड्यात किती हवा होता, हे रिकाम्या गादीकडे पाहून कळत होते. मला या माणसाविषयी मनापासून आदर वाटतो.

नव्या दागिन्यांचे नमुने मात्र मोजकेच आहेत आणि घडणावळ दालनांपेक्षा थोडी जास्त पडते. मोडीची रक्कम खात्यावरच जमा होते, कारण एका दिवसात एका व्यक्तीला १०,००० रुपयांहून अधिक रोख दिल्यास पेढीच्या आयकरात तो खर्च धरला जात नाही. बिनपावतीचा व्यवहार तर ते करतच नाहीत. पैसे त्याच दिवशी हवे असतील तर ओळखपत्र घेऊन सकाळीच जावे, कारण आटणीला वेळ लागतो.