दारुहळदीच्या नावाखाली करवंदाची रोपं: बायबॅकवाल्यांपासून सावध राहा

माण-खटावकडे ‘दारुहळद लागवड, लेखी हमीभाव, माल बांधावरून उचलणार’ अशी बायबॅकची, म्हणजे तयार माल परत विकत घेण्याच्या हमीची, पत्रकं पुन्हा फिरायला लागली आहेत. याच पत्रकापायी गेल्या वर्षी आमच्या घरातून एक लाख एकवीस हजार रुपये गेले. कंपनीचं नाव इथं देत नाही. तक्रार चौकशीत आहे, आणि पत्रकावरचं नाव या वेळी तसंही वेगळंच आहे. पद्धत मात्र तीच, म्हणून ती सविस्तर सांगतो.

तालुक्याच्या गावी मंगल कार्यालयात शेतकरी मेळावा ठेवला होता. पुरी-भाजी, जिलेबी, सगळा खर्च त्यांचा. स्टेजवरचा माणूस बोलायला एकदम साधा, प्रत्येकाला ‘माउली’ म्हणणारा. त्यानं पिशवीतून मनगटाएवढं जाड लाकूड काढलं. साल खडबडीत, मळकट तपकिरी. चाकूनं ती खरवडली तर आत पिवळाधमक रंग. तो भुसा त्यानं काचेच्या ग्लासात टाकला, पाणी बघता बघता पिवळं झालं, आणि ग्लास पहिल्या रांगेतून फिरवला. ज्यांनी बोट बुडवून जिभेला लावलं त्यांची तोंडं वाकडी झाली. कडूजहर! ‘हा कडूपणा म्हणजेच बर्बेरिन, माउली. अमेरिकेत याच्या गोळ्या लोक रांगा लावून घेतात.’ मग एका पुडीतून बारीक, लालभडक सुकी फळं आली. मनुकेपेक्षा लहान, चवीला चांगलीच आंबट. ‘मुंबईला इराण्याकडं बेरी पुलाव खाल्लाय का कुणी? त्यातली बेरी ती हीच.’

यातलं जवळजवळ काहीच खोटं नव्हतं, आणि गोम तिथंच आहे. खोटं बोलणारा माणूस आपण ओळखतो. हा खरं बोलत होता, फक्त वेगळ्याच झाडाबद्दल.

ते लाकूड अस्सल दारुहळदीचंच होतं. दारुहळद म्हणजे हिमालयातलं काटेरी झुडूप, शास्त्रीय नाव बर्बेरिस अ‍ॅरिस्टाटा. आपल्या शेतातल्या हळदीशी तिचं नातं नाही, साम्य आहे ते पिवळ्या रंगापुरतं. चरकसंहितेत ती अर्शोघ्न, कंडूघ्न आणि लेखनीय अशा तिन्ही गणांत आहे, म्हणजे मूळव्याध, खाज आणि मेद. तिच्या काढ्यात दूध घालून आटवत नेलं की घट्ट काळपट रसांजन तयार होतं. बाजारात त्याला रसौत म्हणतात, आणि जुने वैद्य ते डोळ्यांच्या विकारांवर आणि मूळव्याधीवर वापरत आले आहेत. कुमाऊंमध्ये या झुडपांना किलमोडा म्हणतात, गढवालात किनगोड. वसंतात पिवळ्या फुलांचे घोस, आणि उन्हाळ्यात निळीजांभळी आंबटगोड फळं. तिकडची पोरं येताजाता ती खाऊन जिभा रंगवून घेतात, हे कुमाऊंत राहून आलेल्या मित्रानं सांगितलं. पुडीतली लाल बेरी मात्र दारुहळदीची नव्हती. ती तिच्याच गोतातली इराणची बिनबियांची जात. दक्षिण खोरासानात, बिरजंद आणि कायेनच्या बाजूला तिची शेती होते, आणि जरिश्क म्हणून ती जगभर जाते. एका झुडपाचं लाकूड आणि दुसऱ्याचं फळ एकाच पिशवीतून काढलं, की ऐकणाऱ्याला वाटतं एकाच झाडाला मुळापासून फळापर्यंत पैसा लागलाय.

बर्बेरिनची हवाही खरीच. ओझेम्पिक हे मधुमेहाचं, वजनही उतरवणारं इंजेक्शन; 2023 मध्ये समाजमाध्यमांवर बर्बेरिनला ‘निसर्गाचं ओझेम्पिक’ म्हणून डोक्यावर घेतलं गेलं. रक्तातली साखर आणि कोलेस्टेरॉल यावर थोडाफार परिणाम अभ्यासांत दिसलेला आहे, वजनावरचा परिणाम किरकोळ. मेळाव्यात भुकटीचे डबेही विकायला होते. गरोदर बाईनं बर्बेरिन घेऊ नये, तान्ह्या बाळाची कावीळ त्यानं वाढू शकते, मधुमेहाच्या गोळ्या चालू असताना साखर नको इतकी उतरू शकते, यातलं अक्षर कुणी काढलं नाही. आमच्या आळीतल्या एका साखरवाल्या आजोबांनी दोन डबे घेतले होते. त्यांच्या सुनेनं ते डॉक्टरांना दाखवल्याशिवाय उघडू दिले नाहीत, हे बरं झालं.

आता हिशोब. एकरी हजार रोपं, रोप पंचावन्न रुपयांना. दोन एकरांचे एक लाख दहा हजार, वर ‘करार नोंदणी’ म्हणून अकरा हजार. चार वर्षांनी मुळं आणि खोड काढायचं, वाळलेला माल कंपनी किलोला सहाशे रुपयांनी बांधावरून उचलणार. पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर लेखी.

घरी अण्णांचा एकच प्रश्न होता. ‘हिमालयातलं झाड हितं जगंल का?’

तो माणूस ओट्यावर बसून चहा पीत होता. हसला. ‘अण्णा, स्ट्रॉबेरी कुठली? महाबळेश्वरात आली का नाही?’

सातारा जिल्ह्यात या वाक्यावर कुणाकडं उत्तर नसतं. उत्तर आहे, ते नकाशात आहे. दारुहळद साधारण दोन हजार ते तीन हजार मीटर उंचीवरची. महाबळेश्वर दीड हजाराच्या आत, आणि महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर कळसूबाई, तेही 1646 मीटर. म्हणजे अख्ख्या राज्यात तिच्या उंचीची जागाच नाही. दक्षिणेत तिच्या गोतातली एक जात सापडते, ती निलगिरीवर, उटीच्या उंचीला. आमचं शिवार हजार मीटरसुद्धा नाही, आणि एप्रिल-मे मध्ये तिथं चप्पल घातल्याशिवाय पाय ठेवता येत नाही. स्ट्रॉबेरीचं पीक काही महिन्यांचं, थंडी साधून उरकता येतं. वर्षानुवर्षं जमिनीत राहून मुळं जाड करणाऱ्या झुडपाला दरसालचा तो उन्हाळा काढावाच लागतो.

रोपं टेम्पोनं आली. काळ्या पिशव्या, वीतभर उंची, पानं तुकतुकीत. शेजारच्या तात्यांनी बघितल्याबरोबर म्हटलं, ‘करवंदासारखी दिसत्यात.’ टेम्पोबरोबर आलेल्या पोरानं उत्तर पाठच करून आणलं होतं: ‘एकाच खानदानातली आहेत ना, हिमालयातलं करवंदच हे.’ साफ खोटं. करवंद हे कण्हेर आणि रुईच्या कुळातलं, दारुहळदीचं कुळच निराळं. पण काटे दोघांनाही, आंबट जांभळी फळंही दोघांना, त्यामुळं उत्तर पटतं. या चोरांनी पर्याय विचार करून निवडला होता. दुसरं कुठलं झाड दिलं असतं तर इतके दिवस खपलं नसतं. शिवाय करवंद चिवट. रोपं मेली की शेतकरी ओरडतो. ही मरणार नव्हती, म्हणून कुणी ओरडणार नव्हतं.

उकललं ते वहिनीमुळं. तिचं माहेर जावळीकडचं, करवंदाच्या जाळ्यांत वाढलेली. पहिल्या पावसानंतर ती रोपांभोवतीचं गवत काढत होती, खुरपं लागून एक फांदी तुटली. तिनं मला हाक मारून बोट पुढं केलं. बोटावर पांढरा दाट चीक, दुधासारखा, आणि चिकट इतका की माती पुसता पुसेना.

‘भाऊजी, ही दारुहळद न्हाई. करवंदं हाईत ही.’

साताऱ्याला वनस्पतिशास्त्राच्या एक निवृत्त बाई आहेत, त्यांच्याकडं दोन रोपं नेली. त्यांना पाच मिनिटंही लागली नाहीत. त्यांनी दाखवलं ते नीट लक्षात ठेवा, कारण एवढं कळलं तर कुणाला विचारायची गरज नाही. करवंदाचं पान तोडलं की चीक येतो. दारुहळदीला चीक नसतोच. करवंदाची पानं समोरासमोर जोडीनं असतात. दारुहळदीची पानं काट्याच्या बगलेत झुबक्यानं येतात, आणि तो काटा बहुधा तीन टोकांचा असतो. आणि सर्वांत सोपं: नखानं साल खरवडा. दारुहळदीचं आतलं लाकूड पिवळं असतं, मुळाचं तर जास्तच. आमच्या रोपाचं खोड आतून हिरवट पांढरं. स्टेजवर त्यानं हीच परीक्षा करून दाखवली होती, फक्त लाकडावर. टेम्पोतून उतरलेल्या रोपावर ती करून दाखव, असं मेळाव्यातल्या दीड-दोनशे माणसांपैकी कुणी म्हटलं नाही, कारण तोवर सगळ्यांनी पिवळं पाणी डोळ्यांनी पाहिलेलं होतं.

बाईंनी जाता जाता आणखी एक सांगितलं. गव्हावरचा काळा तांबेरा पाडणारी बुरशी आपल्या जीवनचक्राचा एक टप्पा युरोपातल्या बार्बेरीच्या झुडपावर काढते, म्हणून अमेरिकेत 1918 पासून ही झुडपं उपटून काढायची मोठी सरकारी मोहीम चालली. गहू पिकवणाऱ्या पट्ट्यात नवं झुडूप आणणाऱ्यानं निदान एवढा अभ्यास तरी करायला हवा. आमच्या माउलीचा अभ्यास रोपाच्या दरापाशी संपत होता.

करार पुन्हा वाचायला काढला. सातव्या कलमात बारीक अक्षरात होतं: माल ‘कंपनीच्या प्रयोगशाळेत निश्चित केलेल्या बर्बेरिन प्रमाणास पात्र’ ठरला तरच खरेदी बंधनकारक. प्रमाण किती, ते लिहिलेलं नाही. प्रयोगशाळा कुठली, तेही नाही. करवंदात बर्बेरिन शोधत बसणार कोण? म्हणजे चार वर्षांनी कंपनी जागेवर असती तरी कराराप्रमाणेच हात वर करून मोकळी झाली असती. रोपाचं वर्णन करतानाही सगळीकडे ‘औषधी वनस्पतीची रोपे’ एवढंच. पावतीवर ‘रोपे, नग 2000’. दारुहळद हा शब्द पत्रकावर होता, बॅनरवर होता, त्या माणसाच्या तोंडी शंभरदा होता. सहीच्या कागदावर एकदाही नव्हता.

दराचीही गंमत सांगतो. पुण्यात काष्ठौषधीच्या दुकानात दारुहळद सुटी मिळते. तिथं विचारलं तर किरकोळ भाव सहाशेच्या निम्म्याहूनही कमी निघाला. जो माल दुकानात गिऱ्हाइकाला तीनशेच्या आत मिळतो, तो बांधावरून सहाशेनं उचलणारा माणूस कमावणार कशातून? रोपांतून. करवंदाचं रोप कुंपणासाठी म्हणून रोपवाटिकेत याच्या चौथ्या-पाचव्या हिश्शात मिळतं. धंदा तेवढाच होता, बाकी सगळं जिलेबी.

फोन केला तर आधी ‘ही टिश्यू कल्चरची व्हरायटी आहे, तिला चीक येतो’ असं उत्तर आलं. मग ‘साहेब दिल्लीला आहेत’. मग फोन बंद. पुण्यातल्या पत्त्यावर दादा जाऊन आला. तिथं भाड्याच्या टेबलांचं ऑफिस, आणि हे लोक कधीच टेबल सोडून गेलेले. पोलीस ठाण्यात पहिल्यांदा ‘हा दिवाणी मामला आहे’ म्हणून परत पाठवलं. मग आसपासच्या गावांतले आणखी फसलेले शोधले, सगळ्यांच्या पावत्या एकत्र केल्या आणि एकच अर्ज घेऊन आर्थिक गुन्हे शाखेत गेलो, तेव्हा तो घेतला गेला. फसवणुकीचं कलम आता भारतीय न्याय संहितेचं 318 आहे. अर्जात ते आणि पत्रकाची प्रत दोन्ही असू द्या. एकट्यानं गेलात तर व्यवहार दिसतो, वीस जण गेलात तर टोळी दिसते.

ग्राहक आयोगाचा रस्ता वेगळा, तो पैशांसाठी. ‘शेतकरी ग्राहक नाही, तो धंदा करतो’ असं समोरचा वकील म्हणतोच. बियाणं विकत घेणारा शेतकरी हा ग्राहक आहे, असं सर्वोच्च न्यायालयानं 2012 मध्येच सांगितलेलं आहे. तो निकाल रोपांसाठी जोडता येतो, असं आमच्या वकिलांचं म्हणणं. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला जिल्हा आयोगात फी लागत नाही, तक्रार दोन वर्षांच्या आत करावी लागते. कुठून सुरुवात करायची कळत नसेल तर 1915 या ग्राहक हेल्पलाइनवर विचारा.

औषधी वनस्पती लावायचीच असेल तर विचारायला जागा आहेत. आयुष मंत्रालयाचं राष्ट्रीय औषधी वनस्पती मंडळ आहे, तालुक्याला कृषी कार्यालय आहे. आमच्या माणसानं मंडळाचं चिन्ह पत्रकावर छापलं होतं आणि सबसिडीचं गाजरही दाखवलं होतं, पण कृषी कार्यालयात त्या कंपनीचं नाव कुणी ऐकलेलं नव्हतं. तिथं दहा मिनिटं उभं राहिलं तरी एवढं कळतं.

ज्यांची लागवड आधीच झाली आहे त्यांना एक हात जोडून सांगणं: रागाच्या भरात रोपं उपटू नका. आमच्याबरोबरच्या दोघांनी सगळी उपटून बांधावर पेटवली, आता त्यांच्याकडं पावतीपलीकडं दाखवायला काही नाही. कृषी अधिकाऱ्याला लेखी अर्ज देऊन पंचनामा करून घ्या, त्यात झाडाचं नाव करवंद म्हणून स्पष्ट लिहून घ्या, अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. चीक येतानाचा आणि खरवडलेल्या खोडाचा व्हिडिओ काढा, मागं तुमच्या गटाचा दगड किंवा विहीर दिसू द्या. एखाद्या रोपाची काळी पिशवी राहिली असेल तर तीही टाकू नका. आमच्या पिशवीवर अर्धवट पुसलेला रोपवाटिकेचा शिक्का निघाला, आणि आर्थिक गुन्हे शाखेचा माणूस सध्या त्याच्याच मागावर आहे.