कामावरून काढलं तर समेट की कोर्ट?

लोटे-परशुराम किंवा महाडच्या एमआयडीसीत नोकरी गेलेल्या माणसापुढे पहिला प्रश्न हाच असतो. औद्योगिक संबंध संहिता, म्हणजे कामगार-मालक वादांचा नवा कायदा, 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झाली आहे. तिच्यानुसार दोन्ही वाटा समेट अधिकाऱ्याच्या (दोन्ही बाजूंत तडजोड घडवणारा सरकारी अधिकारी) टेबलावरूनच जातात आणि तिथे काढल्यापासून दोन वर्षांच्या आत पोचावं लागतं. जुन्या कायद्यातली तीन वर्षांची मुदत डोक्यातून काढून टाका. समेट फिसकटला, तर अधिकाऱ्याचा अहवाल मिळाल्यापासून 90 दिवसांत औद्योगिक न्यायाधिकरणाकडे अर्ज करायचा; इथे ‘कोर्ट’ म्हणतोय ते हेच.

समेटात पैसे लवकर हातात येतात, पण नोकरी बहुधा सुटते. सही कुठे करता हे इथे फार महत्त्वाचं. गणपतीच्या तोंडावर मॅनेजरच्या केबिनमध्ये ‘फुल अँड फायनल’चा, म्हणजे शेवटच्या हिशेबाचा, कागद पुढे येतो, घरी जायची घाई असते, आणि त्याच गठ्ठ्यातल्या राजीनाम्यावरही सही होऊन जाते. ती करू नका. अधिकाऱ्यासमोर रीतसर करार झाला आणि कंपनीने रक्कम थकवली, तर ती जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होऊ शकते. ग्रॅच्युइटी, शिल्लक रजा, बोनस यांचे आकडे करारात वेगवेगळे लिहून घ्या.

कोर्टात वर्षं जातात. पण कंपनी ऐकतच नसेल, तर नोकरी परत मिळवायची वाट तीच. बेकायदा काढलेल्याला मागील पगारासह (काढल्यापासूनच्या काळाचा पगार) कामावर घेणं हाच सर्वसाधारण नियम, असं सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात सांगितलं. मात्र मधल्या काळात आपण दुसरीकडे कमावत नव्हतो, हे कामगाराने मांडावं लागतं. म्हणजे मुंबईला जाऊन दुसरी नोकरी धरणार असाल, तर मागच्या पगाराची आशा कमी ठेवा. निकालाविरुद्ध कंपनी हायकोर्टात जाऊ शकते. रत्नागिरी-सिंधुदुर्गसाठी ऑगस्ट 2025 पासून त्याचं सर्किट बेंच कोल्हापूरला आहे, रायगडकरांना मुंबईच.

चाळिशी ओलांडलेला, कायम, हजेरीचे आणि पगाराचे कागद जपलेला कामगार असेल, तर मी कोर्ट सांगेन. आयटीआय झालेल्या तरुण फिटरने चांगली रक्कम घेऊन मोकळं व्हावं. ठेकेदाराकडच्या माणसाची अडचण वेगळी: खरा मालक कोण, इथूनच भांडण सुरू होतं. त्याने समेटाला जाण्याआधीच गेटपास आणि पीएफचा उतारा गोळा करावा.