नको ते गेम काढून देतो म्हणाला, आणि कार्डच बदललं

घरात जुन्या व्हिडिओ गेमचं यंत्र असेल आणि त्यातले नको ते गेम काढायला तुम्ही ते कुणाच्या हाती देणार असाल, तर आधी हे वाचा. माझ्याकडून कामाचे पैसे घेतले, काम केलंच नाही, आणि वर यंत्रातलं, गेम साठवलेलं चांगलं मेमरी कार्ड काढून हलकं घातलं. हे सगळं जळगावातल्या एका दुकानात झालं. तक्रार चालू आहे म्हणून दुकानाचं नाव घेत नाही. पण कसं फसवलं ते सांगते, कारण हे कुठल्याही गावात होऊ शकतं.

आम्ही अमळनेरचे. आपल्याकडे एप्रिल-मे म्हणजे काय ते खान्देशातल्या माणसाला सांगायला नको. सकाळी दहानंतर पोरांना अंगणात सोडायची सोय नसते. माझ्या दिराने दोन वर्षांपूर्वी पुण्याहून रास्पबेरी पाय आणलं, हाताच्या पंजाएवढा छोटा संगणक. त्यावर रेट्रोपाय हे जुने गेम चालवणारं सॉफ्टवेअर बसवलं, टीव्हीला जोडलं, दोन रिमोट दिले. आमच्या लहानपणी कॅसेटवर खेळायचो ते मारिओ, कॉन्ट्रा, शिवाय पुढच्या काळातले प्लेस्टेशनचे गाड्यांचे गेम, असं सगळं एका डबीत. कार्ड १२८ जीबीचं, नावाजलेल्या कंपनीचं, बिलासकट. गेम मात्र त्याच्या मित्राकडून एकगठ्ठा भरून घेतलेले.

अडचण त्या गठ्ठ्यात होती. आर्केड नावाचा जो भाग असतो, त्यात जगभरच्या नाक्यांवरच्या, पैसे टाकून खेळायच्या मशीनचे गेम असतात. ते चालवणारं मेम (MAME) हे सॉफ्टवेअर १९९७ मध्ये आलं, आणि त्यामागचा हेतू जुन्या मशीन विसरल्या जाऊ नयेत हा आहे. म्हणून त्यात निवड नसते, जे होतं ते सगळं. जुगाराच्या चक्राच्या मशीन असतात. माहजोंग या सोंगट्यांच्या खेळाचे कितीतरी जपानी गेम असतात, त्यांतल्या बऱ्याच गेममध्ये डाव जिंकला की उघड्या बायकांची चित्रं येतात. मुलं यादी खाली-खाली सरकवत जातात आणि नाव न वाचता बटण दाबतात. एकदा दुपारी सासूबाई पोरांजवळ बसल्या होत्या. त्यांनी आतूनच हाक मारली, "हाई काय दखाडी राहिनं व पोरेस्ले?" (हे काय दाखवतंय गं पोरांना?) मी धावत जाऊन टीव्ही बंद केला.

आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, तोंडावर आली होती. आमच्याकडे आखाजीला नणंदा माहेरी येतात, त्यांची मुलं येतात, घर भरतं. खापरावर मांडे, रस, झोके, आणि दुपारभर पोरांचा मुक्काम टीव्हीसमोर. त्याआधी हे गेम यंत्रातून गेलेच पाहिजेत असं मी ठरवलं. दीर तेव्हा कामासाठी परदेशात होता, फोन लागायचा तो अवेळी. म्हणून जळगावला गेलेल्या यांनी यंत्र सोबत नेलं आणि मोबाईल, संगणक दुरुस्त करणाऱ्या दुकानात दाखवलं. दोन दिवसांनी घ्यायला मीही गेले.

त्या माणसाची बोलण्याची पद्धत फार आश्वासक होती. पाणी दिलं, चहा मागवला. "ताई, सगळं कायमचं डिलीट करून टाकलंय. पाहून घ्या." टीव्हीला जोडून दाखवलं. माहजोंग नाही, जुगार नाही, यादी आटोपशीर. प्लेस्टेशनच्या भागातही थोडेच गेम उरले होते. ते का, असं विचारलं तर म्हणाला, खराब फाइली होत्या, त्याही साफ केल्या, आता यंत्र पळेल. स्टार्ट दाबल्यावर जो लांबलचक मेनू यायचा तो आखूड झाला होता. त्यावर उत्तर, मुलांनी बिघडवू नये म्हणून लॉक केलंय. डबीच्या सांध्यावर चंदेरी स्टिकर लावलेला होता. "हा फाडू नका, माझी सहा महिन्यांची गॅरंटी जाईल." बाराशे रुपये फोनवरून दिले. पावतीवर फक्त 'सर्व्हिस' एवढाच शब्द.

यांतली प्रत्येक गोष्ट नंतर खोटी निघाली, आणि प्रत्येकीला त्याच्याकडे पटेल असं कारण तयार होतं. म्हणून मी ती एकेक करून लिहिते आहे.

आखाजीच्या दुपारी मोठ्या नणंदेचा मुलगा रिमोट घेऊन बसला होता. त्याच्या वडिलांनी त्याला कॉन्ट्राची जुनी खूण शिकवलेली: वर वर, खाली खाली, डावं उजवं, डावं उजवं, बी, ए. तीस जीव मिळतात. आपल्या वयाच्या बऱ्याच जणांना ही पाठ असेल. कोनामी कंपनीच्या काझुहिसा हाशिमोतो यांनी १९८६ मध्ये ग्रेडियस हा गेम तपासताना स्वतःच्या सोयीसाठी ती घातली, आणि मग ती कंपनीच्या इतर गेममध्येही आली. भाच्याने ती गेममध्ये न दाबता यादीवरच दाबली, मजा म्हणून. आणि गेलेले सगळे गेम यादीत परत आले. माहजोंग, चक्रं, सगळं जसंच्या तसं. "मामी, हे बघा, लपवलेले गेम सापडले!" तो आनंदाने ओरडला. खोलीत दहा वर्षांखालची चार पोरं होती.

रात्री दिराचा फोन लागला. त्याने ऐकलं आणि लगेच म्हणाला, "वहिनी, त्याने काहीच काढलेलं नाही. फक्त झाकलंय."

त्याने समजावलं ते असं. रेट्रोपायमध्ये जी यादी दिसते ती दाखवणाऱ्या भागाचं नाव इम्युलेशनस्टेशन. गेमची फाइल वेगळी आणि यादीतली नोंद वेगळी. नोंदीत 'हिडन' म्हणजे लपवलेला अशी खूण करता येते. मग यंत्र 'किऑस्क' नावाच्या स्थितीत टाकलं की खूण केलेले गेम यादीत येत नाहीत आणि मेनूही आखूड होतो. फाइल कार्डावर शाबूत राहते. ही स्थिती उठवायची मूळ किल्ली म्हणजे तीच कॉन्ट्राची खूण. कुणी बदलली नसेल तर प्रत्येक यंत्रावर तीच चालते. मुलांपासून गेम लपवण्याचं कुलूप, आणि किल्ली मुलांनाच पाठ! हे त्या माणसाला माहीत नसेल असं मला वाटत नाही, कारण किऑस्क लावतानाच पडद्यावर ती किल्ली लिहून येते.

मग दिराने विचारलं, प्लेस्टेशनचे गेम कुठे गेले? त्याला तिथेच शंका आली. हिशोब ऐका. जुन्या निन्टेन्डोचा सुपर मारिओ ब्रदर्स, १९८५ चा, अख्खा गेम ४० किलोबाइटचा. आर्केडचे जुने गेमही बहुतेक लहानच. प्लेस्टेशनचा गेम सीडीवर यायचा, म्हणून एकेक गेम ६०० एमबीपर्यंत जाऊ शकतो. म्हणजे जे काढायला सांगितलं होतं त्यांनी जागा जवळजवळ अडवलीच नव्हती. जे काढायला सांगितलं नव्हतं, तेच तेवढं खरोखर पुसलं गेलं होतं. असं कुणी कशाला करेल? कार्डावरचा सगळा ऐवज लहान कार्डात मावायला हवा असेल तर.

दिराच्या सांगण्यावरून कीबोर्ड जोडला आणि एफ ४ दाबलं. यादी जाऊन काळा पडदा आला. तिथे डीएफ, मग जागा, मग आडवी रेघ आणि एच (df -h), असं टाइप करून एंटर. कार्डाचा एकूण आकार समोर येतो. १२८ जीबीचं कार्ड तिथे साधारण ११७ दाखवतं, कारण मोजायची रीत वेगळी असते. आमच्याकडे २९ आलं. म्हणजे ३२ जीबीचं कार्ड. यांनी तो चंदेरी स्टिकर फाडला, डबी उघडली. रास्पबेरी पायचं कार्ड पाटीच्या खालच्या अंगाला असतं, डबी उघडल्याशिवाय धड दिसत नाही. आत बिननावाचं काळं कार्ड. दिराकडे मूळ कार्डाचं बिल आणि फोटो दोन्ही आहेत.

कार्डाच्या किमतीपेक्षा मला जास्त लागलं ते लेकीचं. तिने वर्षभर खेळून गाड्यांच्या गेममध्ये जे जमवलं होतं ते त्या गेमबरोबर गेलं. गेम पुन्हा भरता येईल, तिची नोंद परत येणार नाही. आठ वर्षांच्या पोरीला हे समजावताना माझाच आवाज बसला.

आम्ही दोघं दुकानात गेलो. त्याचं पहिलं वाक्य: "ताई, तुम्हीच बोलल्या ना, गेम दिसायला नको. दिसत होते का?" दुसरं, आर्केडचे गेम असे काढता येत नाहीत, एक काढला की दुसरे बंद पडतात. हे दुसरं म्हणणं अर्धं खरं आहे, म्हणून ते नीट समजून घ्या. आर्केडच्या संचात एकाच गेमच्या अनेक आवृत्त्या असतात आणि पुष्कळदा उप-आवृत्ती मूळ फाइलीतला माल उसना घेते. मूळ पुसली तर उप-आवृत्ती चालत नाही. तसंच नियोजिओ.झिप नावाची फाइल गेमसारखी दिसते, पण तो गेम नाही. ती गेली की मेटल स्लग, किंग ऑफ फायटर्स सगळे बंद. तेवढं सांभाळून माहजोंगचे गेम मुळासकट काढले तर मारिओ-कॉन्ट्राला काही होत नाही. दिराने नंतर ते काढलेच, बाकी सगळं सुरळीत चालू आहे.

कार्डाचा विषय काढल्यावर त्याचा सूर बदलला. "तक्रार करा ना. तुमच्याच यंत्रात फुकटचे गेम निघतील. कुणाला त्रास होईल?" या वाक्याला घाबरून लोक गप्प बसत असणार. गेमचे हक्क त्या त्या कंपन्यांचे आहेत हे खरं आहे, आणि त्यावर मी दिरालाही स्पष्ट बोलले आहे. पण म्हणून आमचं विकत घेतलेलं कार्ड याचं होत नाही, आणि न केलेल्या कामाचे पैसेही याचे होत नाहीत. हे त्याच्या तोंडावर सांगितलं आणि बाहेर पडलो.

त्यानंतर केलं ते हे. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवली, मराठीत बोलता येतं. त्याने दाद लागली नाही तर ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ खाली जिल्हा आयोगाकडे जाता येतं. ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथे फी नाही, वकील सक्तीचा नाही, मुदत दोन वर्षांची. विश्वासाने सोपवलेली वस्तू बदलणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१६ चा, आणि फसवणूक ३१८ चा विषय आहे. फोनवरून दिलेल्या पैशांची नोंद, पावती, जुन्या कार्डाचं बिल, फोटो, आणि त्या २९ आकड्याचा पडद्यासकट फोटो असं सगळं एका फाइलीत लावलं.

तुमच्या घरी असं यंत्र असेल तर दुकानात जायची गरजच नाही हेही सांगते. आधी संपूर्ण कार्डाची प्रत संगणकावर काढून ठेवा. ती काढताना विंडोज 'फॉरमॅट करायचं का' असं विचारतं, तिथे कधीही हो म्हणू नका. त्याला कार्डाचा मोठा भाग वाचता येत नाही एवढंच, कार्ड खराब झालेलं नसतं. मग यंत्रावर नको त्या गेमवर जाऊन सिलेक्ट दाबा, गेमची माहिती बदलायचा पर्याय उघडा, खाली डिलीट आहे. ते दाबलं की प्रत्यक्ष फाइल पुसली जाईल अशी सूचना येते. ही सूचना आली तरच गेम खरा जातो. पुष्कळ गेम असतील तर दुपार जाईल, जाऊ द्या. आणि द्यायचंच झालं तर कार्ड काढून त्याच्या दोन्ही बाजूंचा फोटो घ्या, पावतीवर 'कार्ड इतक्या जीबीचं, अमुक कंपनीचं' असं लिहून घ्या, आणि परत घेताना डबी दुकानातच उघडायला लावा. सांध्यावर स्टिकर लावू देऊ नका.

तक्रार गेल्यावर दुकानदाराने बाराशे रुपये परत पाठवले. कार्ड आपण बदललंच नाही यावर तो ठाम आहे, म्हणून प्रकरण पुढे नेतो आहोत. आमच्या गल्लीतल्या आणखी दोन घरांची यंत्रं त्याच दुकानात गेली होती. एकाच्या घरी काल जाऊन तोच आकडा तपासला, ६४ च्या जागी ३२ चं कार्ड निघालं, आणि वरची खूण दाबल्यावर लपलेले गेमही. त्यांनीही तक्रार लिहायला घेतली आहे. दुसरं कुटुंब लग्नाला शिरपूरला गेलंय. सोमवारी परततील, तेव्हा त्यांचंही यंत्र उघडून बघणार आहोत.