'गर्ल शाय' की 'सेव्हन चान्सेस': आधी कुठला बघावा?

मूकपटांच्या काळातली धमाल प्रेमकथा एकच बघणार असाल, तर हॅरॉल्ड लॉइडचा 'गर्ल शाय' (१९२४) बघा. हाताशी तासभरच असेल, तर बस्टर कीटनचा 'सेव्हन चान्सेस' (१९२५). दोन्हींत लग्नाची घटका टळायच्या आत नायकाला पोचायचंय. फरक आहे तो पळण्यामागच्या कारणात.

लॉइडचा नायक शिंप्याच्या दुकानातला उमेदवार. मुलगी दिसली की बोलताना अडखळतो, आणि लिहितो काय, तर पोरी कशा पटवाव्यात याचं पुस्तक! आगगाडीत नायिकेचं कुत्रं कंडक्टरपासून लपवता लपवता दोघांचं जमतं. नायिका जोबिना राल्स्टनच्या वाट्याला इथे खरीखुरी भूमिका आलीय. पुढे पुस्तक नाकारलं गेलं असं समजून तो मुद्दाम तिचं मन मोडतो, तेव्हा आपलं हसू विरतं. म्हणून शेवटी, तिचा नवरदेव आधीच लग्न झालेला आहे हे कळल्यावर मोटार, ट्राम, मोटरसायकल, घोडे, मिळेल ते पळवत तो निघतो, तेव्हा गंमत वाटतेच, पण जीवही टांगणीला लागतो. (१९१९ मधल्या अपघातात लॉइडच्या उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी गेली होती, हे लक्षात ठेवून ही धावपळ बघा.) अडखळण्यावरचे विनोद मात्र आज थोडे खटकतात.

कीटनला संध्याकाळी सातच्या आत लग्न केलं तर ७० लाख डॉलर मिळणार आहेत. प्रेयसीला मागणी घालताना तो घोळ करतो, पेपरात जाहिरात येते आणि चर्च नवऱ्यामुलींनी भरतं. पूर्वार्धात मूळ नाटकाचा बैठेपणा जाणवतो, नायिका नावापुरतीच. पण शेकडो नवऱ्या मागे लागल्यावर सिनेमा सुटतो तो सुटतोच. डोंगरावरून गडगडणारे धोंडे तर नंतर घातलेले: चाचणी खेळात तीन दगड घरंगळले आणि प्रेक्षक खदखदून हसले, म्हणून कीटनने दगडांचा पूरच आणला. खोट मोठी आहे, तीही सांगतो: गोऱ्या नटाने तोंडाला काळं फासून केलेला नोकर आणि वंशावरचे विनोद. मुलांसोबत बघणार असाल तर आधी दोन शब्द बोलून घ्या.

अमेरिकेत दोन्ही आता स्वामित्वहक्कातून मुक्त आहेत, त्यामुळे इंटरनेटवर प्रती भरपूर. त्यातली जीर्णोद्धार केलेली, नीट संगीत जोडलेलीच निवडा. धुरकट प्रतीत कीटनच्या डोळ्यांतलं काही दिसत नाही.